दोषारोपाला वरच्या न्यायालयात आव्हान

फौजदारी खटल्यात आरोपीने नेमके कशाचे उत्तर द्यायचे, हे दोषारोपाने ठरते. पोलिसांचे आरोपपत्र हा तपासाचा अहवाल असतो. दोषारोप न्यायाधीश ठेवतो, आणि वकीलमंडळी त्यालाच ‘चार्ज फ्रेम झाला’ असे म्हणतात. ठाण्याच्या कोर्टनाक्यावर किंवा कल्याणच्या न्यायालयात हा प्रसंग बहुधा काही मिनिटांत उरकतो. आरोपीचे नाव पुकारले जाते, तो पुढे येऊन उभा राहतो, न्यायाधीश मजकूर वाचून दाखवतात: अमुक तारखेला, अमुक वाजण्याच्या सुमारास, अमुक ठिकाणी तुम्ही अमुक कृत्य केले आणि त्यामुळे अमुक कलमाखाली शिक्षेस पात्र असा गुन्हा केला. मग विचारणा होते, गुन्हा कबूल आहे का? ‘कबूल नाही’ एवढे उत्तर नोंदवले जाते, सही किंवा अंगठा घेतला जातो, रोजनाम्यावर एक ओळ चढते आणि साक्षीपुराव्यासाठी पुढची तारीख पडते. आरोपी आधारवाडीच्या कारागृहात असेल तर हे सगळे पडद्यावरूनही होऊ शकते. 1 जुलै 2024 पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने तशी स्पष्ट मुभा दिली आहे.

या काही मिनिटांचा परिणाम मात्र लांबचा असतो. दोषारोप ठेवण्याआधी न्यायालय आरोपीला विनाखटला सोडू शकते. वर्तमानपत्रांच्या भाषेत त्याला ‘दोषमुक्त’ करू शकते. दोषारोप ठेवल्यावर तो रस्ता त्या न्यायालयापुरता बंद होतो. महाराष्ट्रातूनच सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या मिठाणी खटल्यात हे स्पष्ट झाले: वॉरंट खटल्यात, म्हणजे दोन वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांच्या खटल्यात, एकदा दोषारोप ठेवला की दंडाधिकाऱ्यासमोर दोनच शेवट उरतात, दोषी किंवा निर्दोष. मधूनच ‘या खटल्यात काही अर्थ नाही’ असे म्हणून त्याला आरोपीला घरी पाठवता येत नाही. झालेली चूक मधल्यामध्ये सुधारण्याची ताकद उरते ती वरच्या न्यायालयाकडे, आणि ती ताकद किती वापरायची यावर गेली पन्नास वर्षे न्यायालये वाद घालत आली आहेत.

दोषारोपाच्या टप्प्यावर खालच्या न्यायालयाने काय पाहायचे असते, हे आधी नीट कळले पाहिजे, कारण वरचे न्यायालय तेच पुन्हा पाहते. सत्र खटल्यात जुन्या 1973 च्या संहितेची कलमे 227 आणि 228 लागू होती. नव्या संहितेत ती 250 आणि 251 झाली. दंडाधिकाऱ्यासमोरच्या, पोलिसांच्या आरोपपत्रावरून चालणाऱ्या वॉरंट खटल्यात 239 आणि 240 च्या जागी 262 आणि 263 आली. 1978 च्या प्रफुल्लकुमार सामल निकालापासून कसोटी साधारण पक्की आहे. न्यायाधीशाने टपालखात्यासारखे नुसते आलेले पुढे ढकलायचे नाही, आणि खटलाच चालवून पाहतो अशा थाटात साक्षी तोलायच्याही नाहीत. कागदपत्रांवरून आरोपीविरुद्ध गंभीर संशय उभा राहतो का, एवढेच पाहायचे. दोन अर्थ सारखेच निघत असतील आणि संशय असूनही तो गंभीर नसेल, तर आरोपीला सोडणे योग्य ठरते.

इथे एक मर्यादा फार महत्त्वाची आहे. न्यायालयापुढे असतात ती फिर्यादी पक्षाची कागदपत्रे: फिर्याद, पंचनामे, साक्षीदारांचे जबाब, वैद्यकीय आणि रासायनिक अहवाल. आरोपीचा पुरावा या टप्प्यावर पाहिला जात नाही. देबेंद्रनाथ पाढी प्रकरणात नोव्हेंबर 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांनी हे ठरवून टाकले. ‘मी त्या दिवशी डोंबिवलीत नव्हतोच, हे पहा रेल्वेचे तिकीट’ असे आरोपीला वाटेल तितके सांगायचे असले तरी ते तिकीट खटल्यातच दाखवावे लागते. उच्च न्यायालयाने अंगभूत अधिकार वापरताना, अपवादात्मक परिस्थितीत, निर्विवाद स्वरूपाची कागदपत्रे पाहिल्याची उदाहरणे आहेत, पण त्यांना नियम समजून चालणारा वकील अशिलाची फी वाया घालवतो.

म्हणून दोषारोपाला आव्हान देणारा अर्ज फिर्यादी पक्ष खोटा बोलतो असे म्हणून टिकत नाही. त्याला म्हणावे लागते ते उलटे: फिर्यादी पक्ष म्हणतो ते अक्षरन् अक्षर खरे धरले, तरी त्यातून हा गुन्हा होत नाही. अनेक अर्ज फेटाळले जातात ते या एका गोष्टीचे भान न ठेवल्यामुळे. ठाणे-कल्याणच्या वकिलांच्या कार्यालयांत तयार होणाऱ्या पुनरीक्षण (रिव्हिजन) अर्जांच्या कारणांत ‘साक्षीदार नात्यातला आहे’, ‘फिर्याद उशिरा दिली’, ‘जबाबांत विसंगती आहे’ असे मुद्दे हमखास दिसतात. हे सगळे उलटतपासणीचे खाद्य आहे. आरोपाच्या टप्प्यावर त्याला किंमत नाही.

आव्हानाचा रस्ता कुठून फुटतो, यालाही इतिहास आहे. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत वरच्या न्यायालयाचे पुनरीक्षणाचे अधिकार रुंद होते. खालच्या न्यायालयाच्या प्रत्येक लहानमोठ्या आदेशावर लोक वर जात आणि खटला जागेवर थांबून राही. 1 एप्रिल 1974 ला लागू झालेल्या नव्या संहितेने त्याला लगाम घातला. कलम 397 च्या दुसऱ्या पोटकलमाने सांगितले की खटल्याच्या ओघात दिलेल्या मधल्या, म्हणजे अंतर्वर्ती, आदेशाविरुद्ध पुनरीक्षण नाही. दोषारोप ठेवणे हा खटल्याच्या ओघातलाच आदेश. मग त्याविरुद्ध वर जाण्याचा रस्ता बंद झाला का?

हा प्रश्न सोडवणारा खटला महाराष्ट्राचाच आहे, आणि त्यातला आरोपी होता मधु लिमये. 27 सप्टेंबर 1974 रोजी दिल्लीत घेतलेल्या पत्रकार परिषदेत लिमये यांनी महाराष्ट्राचे तेव्हाचे विधिमंत्री ए. आर. अंतुले यांच्यावर आरोप केले आणि त्याचे टिपणही वाटले. वर्तमानपत्रांत ते छापून आले. मंत्र्याची त्याच्या सार्वजनिक कामाबद्दल बदनामी झाली, असे ठरवून राज्य सरकारने खटल्याला मंजुरी दिली आणि सरकारी वकिलाने बृहन्मुंबईच्या सत्र न्यायालयात थेट तक्रार दाखल केली. लिमये यांनी आक्षेप घेतला: बोललो ते मंत्र्याच्या सरकारी कामाबद्दल नव्हते, त्यामुळे सरकारी वकिलाला अशी तक्रार करण्याचा अधिकार नाही, सत्र न्यायालयालाही ती थेट घेता येत नाही, आणि मंजुरी सदोष आहे. सत्र न्यायाधीशांनी हे सगळे फेटाळून भारतीय दंड संहितेच्या कलम 500 खाली दोषारोप ठेवला. लिमये उच्च न्यायालयात गेले. सरकारने तिथे एकच मुद्दा पुढे केला: हा मधला आदेश आहे, पुनरीक्षण चालतच नाही. उच्च न्यायालयाने तो मान्य केला.

31 ऑक्टोबर 1977 रोजी सर्वोच्च न्यायालयाने, न्या. उंटवालिया यांनी लिहिलेल्या निकालातून, हा मुद्दा उलटवला. त्यातला विचार साधा आणि कामाचा आहे. एखादा आदेश अंतिम नाही म्हणजे तो आपोआप अंतर्वर्ती होत नाही. मध्ये तिसरा वर्गही असतो. आरोपीचा आक्षेप मान्य झाला असता तर सगळा खटलाच तिथे संपला असता, अशा आक्षेपाला नकार देणारा आदेश या मधल्या वर्गात मोडतो आणि त्यावर पुनरीक्षण चालते. शिवाय उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार, म्हणजे जुने कलम 482 आणि आजचे कलम 528, पुनरीक्षणाच्या मनाईने संपत नाही. न्यायप्रक्रियेचा उघड गैरवापर दिसला तर तो वापरता येतो. प्रकरण गुणावगुणांवर ऐकण्यासाठी उच्च न्यायालयाकडे परत गेले. त्याच वर्षीच्या जुलैमध्ये आलेल्या अमरनाथ निकालाची भाषा थोडी कडक होती. लिमये निकालाने ती सैल केली. आणीबाणी नुकतीच उठली होती आणि लिमये लोकसभेवर निवडून आले होते. निकाल मात्र त्या वातावरणावर नव्हे, कलमांच्या वाचनावर उभा आहे, आणि म्हणूनच तो टिकला.

याच अंतुले यांच्या नावाने या विषयातला दुसरा मोठा धडाही महाराष्ट्राच्या पदरात पडला. मुख्यमंत्री असताना सिमेंटवाटपाच्या बदल्यात न्यासांना देणग्या घेतल्याच्या आरोपावरून रामदास नायक यांनी 1982 मध्ये त्यांच्याविरुद्ध तक्रार केली. सर्वोच्च न्यायालयाच्या 1984 च्या आदेशाने हा खटला विशेष न्यायाधीशाकडून मुंबई उच्च न्यायालयाकडे आला. तिथे न्या. मेहता यांनी 21 मुद्द्यांवर दोषारोप ठेवले आणि तक्रारदाराने सुचवलेले आणखी 22 मुद्दे नाकारले. या वेळी वर गेला तो तक्रारदार. 17 एप्रिल 1986 रोजी सर्वोच्च न्यायालयाने नकाराचा भाग रद्द केला आणि खंडणीचा आरोप वगळून बाकीचे दोषारोप ठेवायला सांगितले. पुढे न्या. पी. एस. शाह यांनी 79 दोषारोप ठेवले. मग 29 एप्रिल 1988 रोजी सात न्यायाधीशांच्या पीठाने, बहुमताने, खटला उच्च न्यायालयाकडे वळवण्याचा मूळ आदेशच चुकीचा ठरवला आणि त्या सगळ्या कारवाईचा पाया काढून घेतला. दोषारोप ठेवण्याविरुद्ध आणि न ठेवण्याविरुद्ध, दोन्ही बाजूंनी वर जाता येते, हे या खटल्यातून दिसते. आणि दोषारोप किती भक्कम आहे यापेक्षा तो ठेवणाऱ्या न्यायालयाला अधिकार होता का, हा प्रश्न कधीकधी मोठा ठरतो, हेही.

लिमये निकालानंतरही कुरबूर संपली नाही. आणीबाणीतल्या कृत्यांसाठी केलेल्या विशेष न्यायालय कायद्याच्या संदर्भात 1979 मध्ये व्ही. सी. शुक्ला प्रकरणात दोषारोपाचा आदेश अंतर्वर्तीच धरला गेला, आणि त्याचा आधार घेऊन इतर खटल्यांतही सरकारी पक्ष आक्षेप घेत राहिला. 28 मार्च 2018 रोजी एशियन रिसर्फेसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांनी पुन्हा सांगितले की दोषारोपाचा आदेश निव्वळ अंतर्वर्ती नाही आणि अंतिमही नाही. उच्च न्यायालयाचा अधिकार शाबूत आहे, पण तो क्वचित आणि उघड चूक असेल तेव्हाच वापरायचा. आज व्यवहारात हीच रेषा चालते.

आता वर जायचे म्हणजे नेमके कुठे जायचे, हे पाहू. कल्याणच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्याने दोषारोप ठेवला असेल तर पुनरीक्षण अर्ज सत्र न्यायालयात जातो. कल्याणमध्ये अतिरिक्त सत्र न्यायाधीश बसत असल्याने कल्याण, डोंबिवली, उल्हासनगरच्या पक्षकाराला त्यासाठी बहुधा गाव सोडावे लागत नाही. दोषारोप सत्र न्यायाधीशानेच ठेवला असेल, मग ते कल्याणचे असोत वा ठाण्याचे, तर मुंबई उच्च न्यायालय, म्हणजे लोकल पकडून फोर्ट. दंडाधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध थेट उच्च न्यायालयातही पुनरीक्षण दाखल करता येते, पण दोन्हीकडे नाही. एक दार निवडले की दुसरे पुनरीक्षणापुरते बंद. सत्र न्यायालयाने अर्ज फेटाळला तर दुसरे पुनरीक्षण नाही. उरतो तो उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार, आणि तोही खरोखर अन्याय उघडा पडत असेल तेव्हाच हलतो. पुनरीक्षणाची सोय आहे एवढ्यावरून अंगभूत अधिकाराचा अर्ज दारातूनच परत पाठवता येत नाही, हे 2008 मध्ये महाराष्ट्रातून गेलेल्या धारिवाल टोबॅको प्रकरणात ठरले. असे असले तरी कल्याणच्या साध्या प्रकरणात आधी सत्र न्यायालय गाठणे खर्चाने आणि वेळेने परवडते.

मुदत 90 दिवसांची आहे. ती मुदतीच्या कायद्याच्या 131 व्या अनुच्छेदात आहे आणि आदेशाच्या तारखेपासून मोजतात. नक्कल विभागात प्रमाणित प्रतीसाठी अर्ज केल्यापासून ती हातात पडेपर्यंतचा काळ वगळला जातो, म्हणून अनुभवी कारकून आदेश झाल्याच्या दिवशीच नक्कल अर्ज टाकतो. अर्जासोबत आदेशाची प्रत, आरोपपत्राच्या प्रती आणि असल्यास दोषमुक्तीच्या अर्जाची प्रत लागते.

शेवटच्या प्रतीकडे जास्त लक्ष द्यायला हवे. आरोपीला सोडायचे असेल तर न्यायाधीशाने कारणे लिहिणे बंधनकारक आहे. दोषारोप ठेवायचा असेल तर सविस्तर कारणे लिहावी लागत नाहीत, असे 2000 मध्ये कांतीभद्र शहा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. त्यामुळे नुसता दोषारोप समोर असेल तर वरच्या न्यायालयाच्या हाती येतो एक छापील धाटणीचा मजकूर, ज्यावर टीका करायला काही नसते. आधी दोषमुक्तीचा अर्ज देऊन, तो निशाणीवर चढवून, त्यावर युक्तिवाद होऊन तो फेटाळला गेला असेल, तर त्या आदेशात न्यायाधीशाची कारणे असतात आणि आव्हान त्या कारणांना देता येते. अर्जच न देता, दोषारोपाला ‘कबूल नाही’ म्हणून मग वर धावणारा आरोपी अर्धी लढाई खाली सोडून आलेला असतो. नव्या संहितेने या अर्जाला मुदतही आखून दिली आहे. सत्र खटल्यात प्रकरण सत्र न्यायालयाकडे सुपूर्द झाल्यापासून 60 दिवस, दंडाधिकाऱ्यासमोरच्या वॉरंट खटल्यात कागदपत्रांच्या प्रती मिळाल्यापासून 60 दिवस. ‘बघू पुढच्या तारखेला’ ही आपल्याकडची जुनी सवय यापुढे महागात पडण्यासारखी आहे.

काही विशेष कायद्यांत रस्ता वेगळा आहे. मोक्का, म्हणजे महाराष्ट्र संघटित गुन्हेगारी नियंत्रण अधिनियम, याच्या विशेष न्यायालयाच्या अंतर्वर्ती नसलेल्या आदेशाविरुद्ध कलम 12 खाली उच्च न्यायालयात अपील आहे, 30 दिवसांत. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याचे कलम 19 मंजुरीतल्या चुकीच्या मुद्द्यावर खटला अडवू देत नाही, जोवर त्या चुकीमुळे खरोखर न्याय बिघडला असे दिसत नाही.

वरच्या न्यायालयात कोणते आक्षेप चालतात? सर्वांत बळकट ते, ज्यांना पुराव्याची गरजच नाही. आवश्यक मंजुरी नाही, मुदत उलटून गेली आहे, न्यायालयाला अधिकारक्षेत्र नाही, ज्याने तक्रार करायला हवी त्याने ती केलेली नाही. लिमये यांचे आक्षेप याच जातीचे होते. त्यानंतर येतो गुन्ह्याचा एखादा घटकच कागदावर नसण्याचा मुद्दा. पतीकडून होणाऱ्या छळाच्या खटल्यांत, जुन्या कलम 498-अ खाली, लग्न होऊन दुसऱ्या गावी नांदणारी नणंद किंवा वेगळा राहणारा दीर यांची नावे फिर्यादीत ‘सगळ्यांनी मिळून’ अशा एका वाक्यात येतात. कोणी, कधी, काय केले याचा पत्ता नसतो. अशा सरसकट आरोपांवर नातेवाइकांना खटल्याला उभे करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये आणि पुन्हा 2022 मध्ये बजावले. नवऱ्याविरुद्धचा दोषारोप कायम राहतो आणि नणंद सुटते, असा निकाल येतो तो त्यामुळे. आव्हान आरोपीगणिक आणि कलमागणिक तपासले जाते.

डोंबिवलीतल्या बेकायदा इमारतींच्या प्रकरणांकडे पाहिले की हे आणखी स्पष्ट होते. महापालिकेच्या बनावट परवानग्या वापरून महारेराची नोंदणी मिळवलेल्या 65 इमारती पाडण्याचा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2024 मध्ये दिला. मानपाडा आणि रामनगर पोलीस ठाण्यांत त्याआधीच गुन्हे दाखल झाले होते. अशा प्रकरणात जमीनमालक, विकासक, वास्तुविशारद, दलाल असे अनेकजण एका आरोपपत्रात येऊ शकतात. बनावट दस्त करणे आणि बनावट आहे हे ठाऊक असताना तो वापरणे हे दोन वेगळे गुन्हे आहेत. दस्त ज्याने बनवला तोच बनावटीकरणाचा दोषी, ही गोष्ट सर्वोच्च न्यायालयाने 2009 आणि 2018 च्या निकालांत ठामपणे सांगितली आहे. जमीन विकसनाला देऊन बाजूला झालेला मालक आणि बनावट शिक्का उठवणारा माणूस यांच्यावर एकाच साच्यातले दोषारोप ठेवले गेले, तर वरच्या न्यायालयाला तिथे करण्यासारखे काम असते. उलट ‘मला ठाऊक नव्हते’ हे म्हणणे खटल्याचे. मनात काय होते ते जबाबांवरून आणि व्यवहारावरूनच ठरते.

दोषारोपाचे कलम कोणते, यावरची लढाई कधी संपूर्ण खटल्याची दिशा बदलते. शिळफाट्याला 4 एप्रिल 2013 रोजी लकी कंपाउंडमधली इमारत कोसळून 74 जण गेले. डोंबिवली एमआयडीसीत 26 मे 2016 ला आणि 23 मे 2024 ला रासायनिक कारखान्यांत स्फोट झाले. अशा घटनांत पोलीस सदोष मनुष्यवधाचे कलम लावतात आणि बचाव म्हणतो, हा फार तर निष्काळजीपणाने झालेला मृत्यू आहे. जुन्या दंड संहितेत 304 आणि 304-अ, नव्या न्याय संहितेत 105 आणि 106. पहिल्याची शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाऊ शकते, जुन्या 304-अ ची कमाल दोन वर्षे होती. या वादाचा सर्वांत मोठा दाखला भोपाळचा आहे. वायुदुर्घटनेच्या खटल्यात सत्र न्यायालयाने युनियन कार्बाइडच्या भारतीय अधिकाऱ्यांवर 304 च्या दुसऱ्या भागाखाली दोषारोप ठेवले, मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने ते कायम ठेवले, आणि 13 सप्टेंबर 1996 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द करून 304-अ वर आणले. त्या रात्री कारखाना चालवल्याने माणसे मरतील याची जाणीव आरोपींना होती, असे कागदपत्रे जशीच्या तशी मान्य केली तरी दिसत नाही, हे त्यामागचे कारण. हजारो मृत्यूंच्या खटल्यात 2010 मध्ये शिक्षा झाली ती दोन वर्षांची.

त्यानंतर उठलेल्या संतापातून सीबीआयने 1996 चा निकाल फिरवण्यासाठी अर्ज केला. 11 मे 2011 रोजी तो फेटाळताना सर्वोच्च न्यायालयाने जे सांगितले ते फार कमी लोकांच्या लक्षात राहिले: 1996 चा निकाल तेव्हाच्या कागदांपुरता होता; पुढे साक्षीपुराव्यात जास्त गंभीर गुन्हा दिसला असता तर दंडाधिकाऱ्याचे हात त्या निकालाने बांधलेले नव्हते. दोषारोप निकाल लागेपर्यंत केव्हाही बदलता येतो, त्यात भर घालता येते. जुन्या संहितेचे कलम 216, नव्या संहितेचे 239. म्हणजे वरच्या न्यायालयातला विजय हा आजच्या कागदांवरचा विजय असतो. डोंबिवलीच्या स्फोटातल्या एखाद्या संचालकाला उद्या हलके कलम मिळाले, तरी साक्षीत सुरक्षा-तपासणीचे दुर्लक्षित अहवाल बाहेर आले तर जड कलम परत येऊ शकते. हा बदल करायचा की नाही हे न्यायालय स्वतः ठरवते. पक्षकाराला तो हक्काने मागता येत नाही, असे एका निकालाने म्हटले आहे.

प्रत्येक खटल्यात मात्र दोषारोप ठेवला जात नाही. दोन वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यांचे दंडाधिकाऱ्यासमोरचे खटले समन्स खटले असतात आणि त्यांत औपचारिक दोषारोप नसतोच. दंडाधिकारी आरोपाचा तपशील सांगतो आणि कबुली विचारतो. भिवंडीच्या न्यायालयातल्या गाजलेल्या प्रकरणाने हा फरक झाकोळला. 6 मार्च 2014 रोजी भिवंडीजवळच्या सभेत महात्मा गांधींच्या हत्येच्या संदर्भात राष्ट्रीय स्वयंसेवक संघाविषयी केलेल्या विधानावरून संघाच्या स्थानिक कार्यकर्त्याने राहुल गांधी यांच्याविरुद्ध अब्रुनुकसानीची तक्रार केली. प्रक्रिया रद्द करण्याची विनंती मुंबई उच्च न्यायालयाने 2015 मध्ये फेटाळली. सर्वोच्च न्यायालयातली याचिका सप्टेंबर 2016 मध्ये मागे घेतली गेली. 12 जून 2018 रोजी भिवंडीत आरोप वाचून दाखवला गेला, त्यांनी तो नाकारला, आणि सर्वत्र ‘आरोप निश्चित’ अशी बातमी झाली. अशा खटल्यात लढाईची जागा दोषारोपाआधीची असते, दंडाधिकारी समन्स काढतो तिथली. 2004 च्या अदालत प्रसाद निकालाप्रमाणे दंडाधिकाऱ्याला आपलेच समन्स परत घेता येत नाही, म्हणून उच्च न्यायालयाकडेच जावे लागते. नव्या संहितेच्या कलम 274 ने आता समन्स खटल्यातही आरोप निराधार दिसला तर दंडाधिकाऱ्याला कारणे नोंदवून सोडण्याची मुभा दिली आहे. लहान तक्रारींनी भरलेल्या दंडाधिकारी न्यायालयांत याचा उपयोग होईल. भिवंडीच्या खटल्यातही वरचे न्यायालय नंतर आले, पण वेगळ्या कारणासाठी: तक्रारदाराला काही कागदपत्रे पुराव्यात आणू देणारा आदेश उच्च न्यायालयाने जुलै 2024 मध्ये रद्द केला.

पुनरीक्षण दाखल केल्याने खटला आपोआप थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. व्यवहारात मात्र वरच्या न्यायालयाने मूळ अभिलेख मागवला की खाली ‘रेकॉर्ड वर गेले आहे’ एवढ्या नोंदीवर तारखा पडत राहतात, आणि स्थगितीवाचूनच स्थगिती मिळते. प्रती मागवून काम भागत असताना मूळ कागद मागवणे हे या साऱ्या व्यवस्थेतले सर्वांत टाळण्याजोगे दुखणे आहे. एशियन रिसर्फेसिंग निकालाने 2018 मध्ये स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपेल असा नियम घातला होता. 29 फेब्रुवारी 2024 रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने तो काढून टाकला. पक्षकाराचा दोष नसताना, न्यायालयाने ऐकले नाही म्हणून, त्याचे संरक्षण जाऊ नये हे कारण. तत्त्व म्हणून ते बरोबर आहे. पण आरोपी तुरुंगात असेल तर वर जाण्याने मुख्यतः त्याचेच दिवस वाढतात, आणि जामिनावर असेल तर फिर्यादीचे. जामिनावरच्या आरोपीला उशीर सोयीचा असतो, हे न्यायालयांना ठाऊक आहे. वरच्या न्यायालयांच्या हात आखडण्यामागे कायद्याइतकाच हा अनुभवही आहे.

वरचे न्यायालय दोषारोप संपूर्ण रद्द करू शकते, एखादे कलम काढू शकते, एका आरोपीला वगळू शकते किंवा प्रकरण पुन्हा ऐकायला खाली पाठवू शकते. सोडलेल्या आरोपीविरुद्ध सरकार किंवा फिर्यादी वर गेले असतील तर त्या आरोपीला ऐकल्याशिवाय आदेश फिरवता येत नाही. आव्हान फेटाळले गेले तर त्यातली निरीक्षणे खटल्याच्या निकालावर बंधनकारक नसतात. बहुतेक आदेशांत तसे एक वाक्य घातलेलेच असते.

दोषारोपाला वेळेवर आव्हान दिले नाही आणि शिक्षा झाली, तर अपिलात तो मुद्दा उरतो का, हा शेवटचा प्रश्न. उरतो, पण बारीक होऊन. दोषारोपात चूक राहिली, कलम चुकले किंवा दोषारोप ठेवायचाच राहून गेला, एवढ्याने शिक्षा रद्द होत नाही. त्या चुकीमुळे प्रत्यक्ष न्याय बिघडला हे दाखवावे लागते. जुनी कलमे 464 आणि 465, आणि 1955 चा विली स्लेनी निकाल, यांचा रोख हाच आहे. आरोपीला काय उत्तर द्यायचे ते कळले होते का, त्याने त्या मुद्द्यावर उलटतपासणी केली होती का, आणि हा आक्षेप आधी घेता आला असता का, हे अपील न्यायालय तपासते.